पडद्यावरील रात्र

तानाजी मालुसऱ्यांनीं कोंढाणा घेतला तो १६७० सालीं, माघ वद्य नवमीच्या अंधाऱ्या रात्रीं. ज्या जिजाऊंच्या इच्छेस्तव ही मोहीम झाली असें पोवाडे सांगतात, त्यांचें माहेर सिंदखेडराजा. तेव्हां त्याच तालुक्यांतील दुसरबीडसारख्या गांवांत ही कथा घरचीच म्हणावयास हवी. डफावर थाप मारून शाहिरानें 'रात्र झाली' असें म्हटलें कीं रात्र होते. चित्रपटाचें तसें नाहीं. कॅमेऱ्यापुढें खरोखरीची काळोखी रात्र आली तर फिल्मवर कांहींच उमटत नाहीं. तेथें रात्र दाखवावयाची तर प्रथम उजेड हवा, आणि तोहि आपल्या हुकमतींतला.

महाराष्ट्रांत चित्रपट जन्मला तो सूर्याच्या भरंवशावर. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ सालीं मुंबईस झळकला. त्याचें चित्रण दिवसाच्या उजेडांत झालें होतें. आभाळ भरून आलें कीं काम थांबवावें, सांज झाली कीं कॅमेरा मिटावा, असा तो व्यवसाय होता.

ही परवशता मोडण्याचा मोठा यत्न कोल्हापुरांत झाला. बाबूराव पेंटर यांचें मूळ नांव बाबूराव कृष्णराव मेस्त्री. जन्म ३ जून १८९० चा. कारागिरी घरांतच होती. नात्यानें बंधु असलेल्या आनंदराव पेंटरांसह त्यांनीं नाटक मंडळ्यांचे पडदे रंगविले. पडदा रंगविणाऱ्यास एक गोष्ट फार लवकर कळते: सपाट कापडावर खांब गोल भासवावयाचा, तर एका अंगास उजेड आणि दुसऱ्या अंगास छाया द्यावी लागते. आनंदराव १९१६ सालीं वारले. दोघांनीं पाहिलेलें चित्रपटाचें स्वप्न बाबूरावांनीं एकट्यानें पुढें नेलें, कॅमेरा कोल्हापुरांतच बनविला, आणि महाराष्ट्र फिल्म कंपनीचा 'सैरंध्री' १९२० सालीं पडद्यावर आला.

मग १९२३ सालीं हरि नारायण आपट्यांच्या कादंबरीवरून 'सिंहगड' निघाला. शिवाजीमहाराजांची भूमिका स्वतः बाबूरावांनीं केली. शेलारमामा झाले होते तरुण शांताराम. रात्रीच्या प्रसंगांसाठीं येथें कृत्रिम प्रकाश वापरला गेला, आणि भारतीय चित्रपटांतील अशा आद्य प्रयोगांत त्याची गणना होते. बटण दाबून घर लखलखीत करणाऱ्यांस यांत विशेष तें काय, असें वाटेल. परंतु त्या काळची फिल्म तांबड्या रंगास जवळजवळ आंधळी असे. साध्या दिव्याचा पिवळट, तांबूस प्रकाश डोळ्यांना पुष्कळ वाटला तरी फिल्मच्या लेखीं तो थोडाच. म्हणून जगभर कोळशाच्या कांड्यांचे आर्क दिवे वापरीत. त्यांचा निळसर प्रकाश तिला मानवे. शिवाय नुसता उजेड पाडून भागत नाहीं. चेहऱ्याची एक कड उजळावी, भिंत काळी राहावी, आणि तरीहि हातांतील तलवार ओळखूं यावी, हें ठरविणें चित्रकाराचें काम होय. बाबूरावांच्या ठिकाणीं चित्रकार आणि मेस्त्री एकत्र नांदत होते, हें मराठी चित्रपटाचें भाग्य.

त्यांच्या हाताखालीं तयार झालेले दामले, फत्तेलाल आणि शांताराम यांनीं इतर दोघांसह १९२९ सालीं 'प्रभात' काढली; १९३३ सालीं ती पुण्यास आली. बोलपटांचें युग, 'संत तुकाराम'ची कीर्ति, हें सारें सर्वश्रुत आहे. पुढें 'प्रभात'च्या त्याच आवारांत १९६० सालीं फिल्म इन्स्टिट्यूट निघाली आणि १९७४ सालीं दूरचित्रवाणीच्या तंत्राचें शिक्षणहि तेथें आलें. परंतु दूरचित्रवाणीवरील विनोदी मालिकेला रात्र नकोच असते. दिवेवाल्यानें आजवर जें कमावलें, तें तेथें विसरावें लागतें.

हें विसरणें ज्यानें प्रथम पद्धतशीर करून दाखविलें, तो कार्ल फ्रॉइंड बाबूरावांच्याच वयाचा. त्याचा जन्महि १८९० चा, बोहेमियांतला. 'मेट्रोपोलिस'सारख्या जर्मन मूकपटांत छायाप्रकाशाचे खेळ खेळलेला हा मनुष्य अमेरिकेस गेला आणि 'द गुड अर्थ'च्या छायाचित्रणासाठीं त्यास ऑस्कर मिळालें. १९५१ सालीं 'आय लव्ह ल्यूसी' ही मालिका त्याच्याकडे आली. समोर प्रेक्षक बसलेले, आणि एकाच वेळीं तीन कॅमेरे चालू. एका कॅमेऱ्यासाठीं योजलेली सुंदर छाया दुसऱ्यास डाग दिसे. आणि प्रेक्षकांचें उत्स्फूर्त हंसूं तर दिवे हलवून पुन्हां मिळविण्यासारखें नव्हे! फ्रॉइंडनें दिवे वर टांगले, कॅमेऱ्यांना फिरण्यास जमीन मोकळी केली आणि सगळीकडे सारखा प्रकाश पसरला. दूरचित्रवाणीच्या पडद्यास गडद काळें आणि लखलखीत पांढरें एकत्र सोसवत नसे, म्हणून भिंती व सामानसुद्धां त्यानें करड्या छटांत रंगवून घेतलें. छाया गेली, पण रंगाऱ्याचा कुंचला सुटला नाहीं, ही गोष्ट बाबूरावांस आवडली असती.

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजीं सुरू झालें, आणि त्याच दशकाच्या उत्तरार्धांत चिं. वि. जोशांचे चिमणराव व गुंड्याभाऊ, दिलीप प्रभावळकर आणि बाळ कर्वे यांच्या रूपानें, घरोघर आले. चिमणरावांची उडालेली तारांबळ आणि शेजारीं गुंड्याभाऊंच्या कपाळावरची आठी हीं दोन्हीं एकाच क्षणीं दिसलीं, तरच लोक हंसत. एक जरी चेहरा अंधारांत गेला तरी विनोद बुडाला. असें घर उजळणाऱ्या दिवेवाल्यांकडे प्रेक्षकांचें लक्ष जात नाहीं. जाऊं नये, हीच त्यांच्या कामाची कसोटी. १९८२ सालीं रंगीत प्रक्षेपण आलें, आणि करड्या छटांचा सारा हिशेब त्यांना नव्यानें मांडावा लागला.