दुसरे मुक्तिबोध : इंदुरात जन्मलेला मराठी प्रयोगकर्ता

मुक्तिबोध म्हटलं की इंदुरात हिंदीतले गजानन माधवच आठवतात. साहजिकच आहे, ते १९३८ साली इथल्या होळकर कॉलेजातून बी.ए. झाले. पण त्यांचे धाकटे बंधू शरच्चंद्र यांचा तर जन्मच इंदूरचा, १९२१ सालचा. आणि त्यांनी लिहिलं मराठीत. मी जन्मभर पूल-रस्त्यांची कामं केली, साहित्याचं रीतसर शिक्षण नाही. हे नाव मला पन्नाशीनंतर कळलं, तेव्हा जरा लाजच वाटली.

आपल्या माळव्यात मराठी कविता म्हणजे भा. रा. तांबे. गाता येते ती कविता, असा इथला कान. त्याच भागातली पुढची पिढी मात्र गाणं सोडून निघाली. १९४३ साली अज्ञेयांनी ‘तार सप्तक’ काढलं. हिंदीतला प्रयोगवाद तिथून धरतात. त्यातल्या सात कवींपैकी दोघं मराठी घरांतले, गजानन माधव आणि ग्वाल्हेरचे प्रभाकर माचवे. आपण याचा अभिमान बाळगतो, पण त्याच मुक्तिबोधांच्या घरात मराठीतही प्रयोग चालू होता, हे विसरतो.

शरच्चंद्रांचा पहिला संग्रह ‘नवी मळवाट’ १९४९ चा. अनिलांनी मुक्तछंद रुळवला होता आणि मर्ढेकरांच्या ‘काही कविता’ १९४७ मध्ये येऊन गेल्या होत्या. शरच्चंद्रांनीही मुक्तछंद घेतला, पण दृष्टी मार्क्सवादी. मला तर ते शीर्षकच फार आवडतं. मळवाट म्हणजे पायांनी मळलेली वाट. ती नवी कशी असेल? पुष्कळ माणसं चालली तरच ती होते. एकट्याने आखून होत नाही, हे आम्हा रस्तेवाल्यांना चांगलं ठाऊक!

पुढे ते नागपूरला मराठीचे प्राध्यापक झाले. ‘यात्रिक’ हा दुसरा संग्रह १९५७ मध्ये आला. ‘क्षिप्रा’ (१९५४), ‘सरहद्द’ (१९६२) आणि ‘जन हे वोळतु जेथे’ (१९६९) ही कादंबरीत्रयी लिहिली. पहिल्या कादंबरीचं नावच आपल्या नदीचं.

पण माझ्या मते त्यांचं खरं मोठं काम समीक्षेतलं. मर्ढेकरांनी सौंदर्य शोधलं ते रचनेच्या लयीत, म्हणजे संवाद, विरोध आणि समतोल यांत. शरच्चंद्रांना तेवढ्याने भागेना. साहित्याचा मालच माणसाचं जगणं आहे, मग मूल्य ठरवताना माणूस बाहेर कसा ठेवायचा? यासाठी त्यांनी ‘मानुषता’ ही कल्पना मांडली. पुलाची कमान डौलदार आहे की नाही हे बघावंच, पण तो पूल कोणासाठी बांधला हेही विचारावं, असं मी आपलं माझ्यापुरतं समजून घेतलं. ‘सृष्टी, सौंदर्य आणि साहित्यमूल्य’ या त्यांच्या ग्रंथाला १९७९ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला.

म्हणजे नव्या घाटात लिहिणारा आणि नवा घाट कशासाठी, हेही विचारणारा माणूस एकच. मराठीत अशी माणसं थोडी. १९८४ मध्ये ते गेले.

इंदुरातल्या एका वाचनालयात त्यांची पुस्तकं मागितली, तर गजानन माधवांची हिंदी रचनावली पुढे आली. कोणाच्या घरच्या माळ्यावर ‘नवी मळवाट’ची पहिली आवृत्ती असेल, तर मंडळाला जरूर कळवा. स्कॅन करून मूळ प्रत जशीच्या तशी परत देऊ.