भाजलेली जखम भरली, पण बोटं आखडली; मेडिकल कोडिंगमध्ये याची नोंद कशी होते?

भाजलेली जखम भरून आली की उपचार संपले, असं घरच्यांना वाटतं. पण खोल भाजलं असेल तर वण पुढे कित्येक महिने आकसत राहतो. तो सांध्यावर असेल तर कातडी ओढली जाते आणि बोट, कोपर किंवा मान सरळ होईनाशी होते. मग रुग्ण पुन्हा हॉस्पिटलमध्ये येतो. आता कागदावर काय लिहायचं, 'भाजलं' की 'बोट आखडलं'?

उत्तर आहे दोन्ही, पण ठरलेल्या क्रमाने.

कोड म्हणजे नेमकं काय?

डॉक्टरांनी लिहिलेलं निदान ठरावीक अक्षर-आकड्यांत बदलणं म्हणजे मेडिकल कोडिंग. त्यासाठी जागतिक आरोग्य संघटनेची आयसीडी ही यादी वापरतात. अमेरिकेने आयसीडी-१० मध्ये स्वतःची भर घालून आयसीडी-१०-सीएम तयार केली आहे. भारतात बसून अमेरिकन हॉस्पिटलांचं काम करणारे कोडर हीच यादी वापरतात.

आधी परिणाम, मग कारण

समजा, पेणच्या गणपती कारखान्यात डोळ्यांची आखणी करणाऱ्या एका कारागिराचा उजवा हात उकळत्या पाण्याने तिसऱ्या डिग्रीपर्यंत भाजला. जखम भरली, पण दोन वर्षांनी बोटांचे सांधे आखडले आणि ब्रश धरता येईना.

आज उपचार आखडलेल्या हाताचा आहे, म्हणून त्याचा कोड पहिला. सीएममध्ये तो एम२४.५४१. त्यामागे कारणाचा कोड, टी२३.३०१एस. शेवटचा 'एस' म्हणजे सिक्वेला, जुन्या दुखापतीचा मागे राहिलेला परिणाम. ताज्या दुखापतीवर उपचार चालू असतील तर तिथे 'ए' येतो आणि जखम बरी होत असतानाच्या पुढच्या भेटींसाठी 'डी'.

जागतिक संघटनेच्या आयसीडी-१० मध्ये 'एस' नाही. तिथे आखडलेल्या सांध्याच्या एम२४.५ सोबत टी९५.२ लावतात, म्हणजे हाताच्या जुन्या भाजण्याचा परिणाम.

किती दिवसांनी 'जुनं' म्हणायचं?

आयसीडी-१० नुसार डॉक्टरांनी तसं लिहिलं असेल तर, किंवा दुखापतीला वर्ष उलटल्यावरही त्रास असेल तर. सीएममध्ये मुदतच नाही, सहाव्या महिन्यातही 'एस' लागू शकतो. मात्र सीएममध्ये न भरलेली जखम कितीही दिवसांची असली तरी ताजीच धरली जाते. एक भाग भरून आखडला आणि दुसरा अजून ओला असेल, तर दोन्ही प्रकारचे कोड एकाच नोंदीत येऊ शकतात.

आग की ॲसिड?

रोह्याजवळच्या धाटाव एमआयडीसीत रासायनिक कारखाने आहेत. याच तालुक्यातल्या नागोठण्यात नोव्हेंबर १९९० मध्ये आयपीसीएलच्या प्रकल्पात वायुगळतीनंतर स्फोट होऊन ३० हून अधिक जणांचा जीव गेला. अशा भागात भाजणं स्वयंपाकघरापुरतं राहत नाही.

रसायनाने भाजलं तर सीएममध्ये कोडच बदलतो. वरच्याच हाताचा कोड टी२३.७०१एस होतो, सोबत रसायनाचाही कोड लागतो. पण टी९५ मध्ये आग, रसायन आणि हिमदंश, तिन्हींचे परिणाम एकाच खान्यात जातात. म्हणून कारण डॉक्टरांच्या शब्दांत लिहिलेलं असणं फार महत्त्वाचं. कोडर स्वतः अंदाज बांधू शकत नाही.

कोड चुकला तर?

फक्त 'बोट आखडलं' असा कोड गेला तर भाजण्याचा संबंध पुसला जातो. ताज्या जखमेचा कोड गेला तर कागदावर नवाच अपघात उभा राहतो. विमा कंपनी तारीख विचारते, क्लेम अडकू शकतो आणि आकडेवारीत एकच अपघात दोनदा मोजला जातो.

कामगारांसाठी हे आणखी महत्त्वाचं. कामावरच्या अपघातातून आलेल्या कायमच्या अपंगत्वाची भरपाई ठरवताना कमावण्याची क्षमता किती घटली हे पाहतात. दिव्यांग हक्क कायदा, २०१६ खालच्या अनेक सवलतींसाठी किमान ४० टक्के दिव्यांगत्व लागतं. ही टक्केवारी कोडवरून नव्हे, तपासणीवरून ठरते. पण आजचं आखडणं त्याच अपघातामुळे आहे, हे दाखवायला कागदच लागतो.

डिस्चार्ज कार्डवर काय पाहाल?

- भाजल्याची तारीख आणि कारण: आग, वाफ, वीज की रसायन
- कोणता अवयव, उजवा की डावा
- किती खोल भाजलं
- पुढच्या प्रत्येक केस पेपरवर 'जुन्या भाजण्यामुळे' हे शब्द

यातलं काही राहिलं असेल तर हॉस्पिटलमधून निघण्याआधीच डॉक्टरांकडून लिहून घ्या. आणि पहिलं कार्ड जपून ठेवा. वण जुना होत जातो, तसतसं त्या कार्डाचं महत्त्व वाढत जातं.