सिंहगड (मराठी बोलपट, १९३३)

प्रभात फिल्म कंपनीचा हा बोलपट व्ही. शांताराम यांनी हरि नारायण आपटे यांच्या ‘गड आला पण सिंह गेला’ या कादंबरीवरून काढला. बाबूराव पेंटरांच्या १९२३ च्या मूकपटात शेलारमामा झाले होते तेही शांतारामच.

तानाजी मालुसरे ४ फेब्रुवारी १६७० च्या रात्री कोंढाण्यावर पडले. आता घोरपडीचे. बँकेतल्या सवयीने आम्ही आधी नोंद पाहतो. सभासद बखरीत दोन मावळे वानरांसारखे कडा चढले एवढेच आहे. दोर लावलेली घोरपड येते ती तुळशीदास शाहिरांच्या पोवाड्यात. अमेरिकेतल्या डेव्ही क्रॉकेटचेही तसेच. तो १८३६ मध्ये अलामोला मेला, आणि १९५५ च्या डिस्नेपटाच्या वेळी पोरे त्याच्यासारखी केसाळ टोपी घालून हिंडत होती.

पेडण्यात नातवंडांना आम्ही घोरपड सांगतोच, पण ती पोवाड्यातली हेही सांगतो. खरी होती का, हे ती विचारतातच.