उभ्या देहाचा गुरुत्वमध्य

त्रिकोणाचा आणि अन्वस्ताच्या छेदाचा गुरुत्वमध्य आर्किमिडीजने केवळ भूमितीच्या बळावर काढून ठेवला, त्यास आता बावीसशे वर्षे होऊन गेली. परंतु ही भूमिती मांडणाऱ्या प्राण्याच्या स्वतःच्या देहाचा मध्य कोठे असतो, हे फळी मांडून पाहण्याची बुद्धी सतराव्या शतकात जोव्हान्नी आल्फोन्सो बोरेल्ली या नेपल्समध्ये जन्मलेल्या गणितज्ञास झाली. मेसिना शहरातील बंडाच्या धामधुमीत राजद्रोहाचा संशय येऊन हद्दपार झालेला हा वृद्ध पंडित रोममध्ये एका धर्मसंघाच्या मठात गणित शिकवून दिवस काढीत होता, आणि स्वीडनची गादी सोडून तेथे येऊन राहिलेल्या राणी क्रिस्तिनाच्या आश्रयावर त्याची भिस्त होती. प्राण्यांच्या गतीवरील त्याचा ग्रंथ १६८० आणि १६८१ या साली दोन भागांत निघाला, तेव्हा तो स्वतः हयात नव्हता.

बोरेल्लीची तजवीज अगदी साधी होती. त्रिकोणी ठोकळ्याच्या धारदार कडेवर एक फळी ठेवायची, तिच्यावर विवस्त्र माणसाला सरळ निजवायचे, आणि फळी माणसासह पुढेमागे सारीत, तराजूच्या दांडीप्रमाणे ती समतोल होईल तेथे थांबायचे. नितंब आणि जांघेचे हाड यांच्या दरम्यान कोठेतरी हा मध्य येतो, असा त्याचा निर्णय होता, आणि तो ढोबळ असला तरी चुकीचा नव्हता. मात्र या रीतीत फळीचे स्वतःचे वजनही तोलात शिरत असे. हा दोष गटिंगेनच्या विल्हेल्म आणि एडुआर्ड वेबर या बंधूंनी काढला: फळी आधी रिकामीच तोलून स्थिर करायची, मग तिच्यावर केवळ देह सरकवायचा, आणि पुन्हा तोच देह उलट दिशेने ठेवून दोन्ही उत्तरांची सरासरी घ्यायची. १८३६ च्या त्यांच्या ग्रंथातील माणसाचा मध्य तळपायापासून उंचीच्या शेकडा सुमारे ५७ भागांवर आला, आणि आजचे आकडे याहून फारसे निराळे नाहीत.

येथे एक चमत्कारिक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. प्रश्न उभ्या माणसाचा होता, आणि उत्तरासाठी प्रत्येकाने त्याला आधी आडवे केले. आडवे होताच रक्त आणि पोटातील अवयव किंचित जागा बदलतात, त्यामुळे फळीवरचा मध्य तो उभ्या स्थितीतला मध्य तंतोतंत नव्हेच. उलट उभ्या माणसाला तोलावे, तर गुरुत्वरेषा घोट्याच्या किती पुढे पडते एवढेच कळते, उंची कळत नाही. शिवाय तो क्षणभरही निश्चल राहत नाही.

या अडचणीवर लाइपझिगच्या विल्हेल्म ब्राउने आणि ओटो फिशर यांनी काढलेला तोडगा ऐकून अंगावर शहारा येतो. ब्राउने हा शरीररचनेचा अध्यापक, वरील वेबर बंधूंच्या थोरल्या भावाचा जावई, आणि गोठवलेल्या प्रेतांचे छेद घेण्यात निष्णात, फिशर गणिती. त्यांनी प्रेते लाकडासारखी कठीण होईतो गोठवली, पोलादी सळया आरपार घालून ती निरनिराळ्या अक्षांवर टांगली, आणि उभ्या पातळ्या जेथे छेदतात तो बिंदू मध्य म्हणून नोंदला; मग सांध्यांशी अवयव तोडून प्रत्येकाचे वजन आणि मध्य स्वतंत्र काढले. यामुळे तोलण्याची जागा गणिताने घेतली: अवयवांचे मध्य आणि वजने ठाऊक असली, म्हणजे कोणत्याही पवित्र्यातल्या जिवंत माणसाचा समग्र मध्य कागदावर बेरजा-गुणाकारांनी येतो. त्यांच्या १८८९ च्या प्रबंधाच्या शीर्षकातच जर्मन पायदळातील शिपायाच्या सरंजामाचा उल्लेख आहे. बंदूक खांद्यावर आणि ओझे पाठीवर घेतलेल्या शिपायाची छायाचित्रे घेऊन त्यांनी त्याचा हिशेब मांडला. फौजेची गरज नसती, तर एवढा खटाटोप कोणी केला असता असे मला वाटत नाही.

जिवंत माणसासाठी पुढे सोपी रीत रूढ झाली, ती कोणत्याही शाळेत करून पाहता येईल. दोन मीटर अंतरावरच्या दोन धारांवर फळी टेकवावी, एक धार जमिनीवर आणि दुसरी वजनकाट्यावर. रिकाम्या फळीचा आकडा टिपावा, नंतर पहिल्या धारेशी टाचा येतील असे माणसास निजवावे. समजा, माणूस ७० किलोचा आहे आणि काटा ३३ किलोंनी वाढला. तर ३३ ला २ ने गुणून ७० ने भागले असता मध्य टाचेपासून सुमारे ९४ सेंटिमीटरांवर येतो. माणसाची उंची १६८ सेंटिमीटर असेल, तर हे प्रमाण शेकडा ५६ भरते.

अवयवांच्या कोष्टकांसाठी मात्र प्रेतांचाच आधार राहिला. अमेरिकी हवाई दलासाठी विल्फ्रिड डेम्प्स्टर यांनी १९५५ साली प्रसिद्ध केलेली कोष्टके आठ मृतदेहांवर आधारलेली असून पुढील कित्येक वर्षे तीच सर्रास वापरली गेली. स्त्रियांचा मध्य उंचीच्या मानाने पुरुषांपेक्षा किंचित खाली असतो, हे तेव्हाही माहीत होते. त्या आठांत एकही स्त्री नव्हती.