मुरूडचे नाना

आमच्या जिल्ह्याने देशाला चिंतामणराव देशमुखांसारखा अर्थमंत्री दिला, हे आम्ही मास्तरलोक मुलांना अभिमानाने सांगतो. त्याच जिल्ह्याने एक मोठा नटही दिला. हरिहरेश्वराहून श्रीवर्धन, दिघी करीत निघावे, तरीने खाडी ओलांडावी, की पुढे मुरूड येते. विश्वनाथ ऊर्फ नाना पाटेकर यांचा जन्म तेथला. १ जानेवारी १९५१ चा.

शिक्षण मुंबईच्या जे. जे. मध्ये, उपयोजित कलेचे. पण जीव नाटकात. १९७८ साली 'गमन'मधून ते पडद्यावर आले. जयवंत दळवींच्या 'पुरुष' नाटकातला त्यांचा गुलाबराव पाहून प्रेक्षकांच्या अंगावर काटा आला. १९८६ साली माउंटबॅटनवरील ब्रिटिश दूरचित्रवाणी मालिकेत ते नथुराम गोडसे झाले. 'परिंदा'त (१९८९) आगीला भिणारा गुंड अण्णा झाले. 'प्रहार' (१९९१) त्यांनी स्वतः दिग्दर्शित केला आणि त्यातला करडा मेजरही रंगवला. 'परिंदा'ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, 'क्रांतिवीर'ला (१९९४) दुसरा.

आणि येथेच घोटाळा झाला. 'क्रांतिवीर'मधले फासापुढचे भाषण इतके गाजले, की लोकांना नाना म्हणजे नुसता आरडाओरडा वाटू लागला. आमच्या शाळेच्या संमेलनात दरसाल एखादा पोरगा मान झटकून, डोळे वटारून नाना होतो. टाळ्या पडतात. मला मात्र धास्ती वाटते, वाचकहो, की तेवढा आवाजच मागे उरेल आणि नट हरवेल.

म्हणून १९९६ साल ध्यानात ठेवावे. त्या एकाच वर्षी 'अग्निसाक्षी'त बायकोला छळणारा संशयी नवरा आणि 'खामोशी'त गोव्यातला मुकाबहिरा जोसेफ! ज्याची सारी मिळकत जिभेवर, त्याने जीभच बाजूला ठेवली. बापाची माया, ताठा, दुःख, सारे हातांच्या खुणांत आणि डोळ्यांत. राष्ट्रीय पुरस्कार पहिल्या भूमिकेला मिळाला. माझे मत दुसरीला.

१ जानेवारी २०१६ रोजी, वयाची पासष्ट वर्षे पुरी झाली त्याच दिवशी, त्यांचा 'नटसम्राट' चित्रपट आला. शिरवाडकरांचे अप्पासाहेब बेलवलकर १९७० साली डॉ. श्रीराम लागूंनी रंगभूमीवर उभे केले होते. त्या तुलनेला तोंड देणे सोपे नव्हते. नानांनी ते दिले. त्यातली स्वगते लोकांच्या तोंडी बसली आहेत. पण पुन्हा पाहाल तेव्हा दोन वाक्यांमधला नाना पाहा. आम्हा किनाऱ्यावरच्या माणसांना ठाऊक असते, की लाट फुटताना आवाज होतो. भरतीचे बळ त्याआधीच पाण्यात असते.