तारापूरचे इंधन आणि लासलगावचा आंबा

घरात वीज नाही, पण हाती अणुबॉम्ब आहे, असे म्हणत आपण उत्तर कोरियाला हसतो. परंतु विजेची टंचाई, अणुस्फोट आणि जागतिक बहिष्कार या तिन्ही गोष्टी आपल्याही इतिहासात आहेत, आणि त्यांचा एक धागा थेट लासलगावला येतो. आजचा थ्रेड त्याविषयी.

१९६३ च्या करारानुसार अमेरिकी कंपनी जनरल इलेक्ट्रिकने तारापूरला दोन अणुभट्ट्या उभारल्या. १९६९ पासून त्यांची वीज महाराष्ट्र-गुजरातला मिळू लागली. भट्ट्या आपल्या भूमीवर, पण त्यांचे समृद्ध युरेनियम अमेरिकेचे! १८ मे १९७४ रोजी पोखरणला स्फोट झाला. त्यातील प्लुटोनियम ट्रॉम्बेच्या 'सायरस' भट्टीतले होते, आणि ही भट्टी कॅनडाने शांततामय वापराच्या अटीवर दिलेली होती. कॅनडाने सहकार्य थांबवले. अमेरिकेने १९७८ मध्ये नवा कायदा केला आणि तारापूरचे इंधन अडकले. पुढे फ्रान्स, मग चीन, मग रशिया अशी दारे ठोठावत भट्ट्या चालू ठेवाव्या लागल्या.

स्फोटाचा निर्णय इंदिरा गांधी आणि मोजके शास्त्रज्ञ-सल्लागार यांच्यातच झाला होता; बहुतेक मंत्र्यांनाही त्याची पूर्वकल्पना नव्हती. अणुबाबतीत लोकशाही देशही किती बंद दाराआड वागतो, हे यातून दिसते.

तरीही साम्य ताणू नये. भारताने अण्वस्त्रप्रसारबंदी करारावर कधी सहीच केली नाही. उत्तर कोरियाने १९८५ मध्ये केली आणि २००३ मध्ये अंग काढून घेतले. सोव्हिएत संघ कोसळल्यावर त्याचे स्वस्त तेल आटले. वीज नाही म्हणून खाणी चालेनात, खाणी बंद म्हणून वीज नाही, असे दुष्टचक्र सुरू झाले. १९९४ च्या करारात योंगब्योनची भट्टी गोठवण्याच्या बदल्यात त्याला सुमारे हजार मेगावॅटच्या दोन भट्ट्या आणि त्या होईपर्यंत दरवर्षी ५ लाख टन इंधनतेल मिळणार होते. २००२ च्या अखेरीस हा करार मोडला. त्या भट्ट्या कधीच पूर्ण झाल्या नाहीत. ऑक्टोबर २००६ मध्ये झाली ती अणुचाचणी.

त्याच २००२ मध्ये लासलगावला भाभा अणुसंशोधन केंद्राचे 'कृषक' हे विकिरण केंद्र सुरू झाले. अणुभट्टीत तयार होणाऱ्या कोबाल्ट-६० च्या गॅमा किरणांनी कांद्याला मोड येणे थांबते. (कांदा किरणोत्सारी होत नाही, हा प्रश्न नेहमी येतो.) मार्च २००६ मध्ये बुश दिल्लीला आले, अणुकराराची बोलणी पुढे सरकली आणि आंब्यावरील बंदी उठवण्याचेही ठरले. सुमारे अठरा वर्षांच्या खंडानंतर, एप्रिल २००७ मध्ये अमेरिकेला गेलेल्या भारतीय आंब्यांच्या पहिल्या पेट्यांवर किरणप्रक्रिया झाली ती लासलगावलाच. अणुबहिष्कार सैलावत असल्याची ही पहिली चव म्हणायला हरकत नाही!

तेव्हा युरेनियमच्या तुटवड्यामुळे देशी अणुभट्ट्या निम्म्याच्या आसपास क्षमतेने चालत होत्या. ग्रामीण महाराष्ट्रात बारा-बारा तास भारनियमन होते, पण त्याचे खापर युरेनियमवर फोडता येणार नाही. देशाच्या विजेत अणुऊर्जेचा वाटा अवघा तीन टक्क्यांच्या घरातला. ६ सप्टेंबर २००८ रोजी अणुपुरवठादार गटाने भारताला सूट दिली आणि परदेशी युरेनियमचा मार्ग खुला झाला.

लासलगाव परिसरातला बहुतांश कांदा मात्र आजही विकिरणाविना, साध्या कांदाचाळीतच साठवला जातो.