विषय नाकारला गेला तेव्हा अल्बर्ट एलिसनं काय केलं?

बारामती किंवा इंदापूरहून पुण्याला पेट द्यायला, सिनॉप्सिस दाखवायला जाणाऱ्यांसाठी आजचा लेख. "हा विषय नको, दुसरा आणा" हे वाक्य तुम्हाला आज ना उद्या ऐकायला मिळणारच. मी सायन्सवाला, पण याचं सगळ्यात चांगलं उदाहरण मला मानसशास्त्राच्या इतिहासात सापडलं.

अल्बर्ट एलिस (१९१३-२००७) हा अमेरिकन. पहिली पदवी वाणिज्य शाखेची. म्हणजे शाखा बदलणारे तुम्हीच पहिले नाही! पुढे कोलंबिया विद्यापीठात तो चिकित्सा मानसशास्त्राकडे, म्हणजे क्लिनिकल सायकॉलॉजीकडे वळला. पीएचडीसाठी विषय घेतला कॉलेजमधल्या मुलींच्या प्रेमभावनांचा. माहितीही गोळा केली होती. पण काही प्राध्यापकांना हा विषय विद्यापीठाला शोभणारा वाटला नाही.

एलिस भांडत बसला नाही. व्यक्तिमत्त्व मोजणाऱ्या प्रश्नावल्यांमध्ये थेट विचारलेला प्रश्न आणि आडून विचारलेला प्रश्न यांची तुलना त्यानं केली आणि १९४७ मध्ये पदवी घेतली. विषय कोरडा वाटतो ना? मला तसं वाटत नाही. त्याआधी १९४६ मध्येच 'सायकॉलॉजिकल बुलेटिन'मध्ये त्यानं अशा प्रश्नावल्यांवरच्या संशोधनाचा मोठा आढावा छापला होता. कागदावर टिक करून भरलेल्या या चाचण्या खरोखर व्यक्तिमत्त्व मोजतात का, याबद्दल त्याचा निष्कर्ष बराच प्रतिकूल होता. आपल्याकडे तयार प्रश्नावली आणायची, मराठीत उतरवायची, शंभर-दोनशे जणांकडून भरून घ्यायची आणि टी-टेस्ट लावायची, असा सरळ रस्ता अनेक जण धरतात. त्यांनी तो आढावा जरूर वाचावा. माझ्या मते, प्रश्नावली जे मोजते म्हणते तेच मोजते का, हे न तपासता केलेली आकडेमोड कितीही चोख असली तरी पोकळच.

आणि नाकारलेल्या विषयाची माहिती? ती त्यानं फेकली नाही. १९४९-५० च्या सुमारास त्यावर लेख छापले.

पुढची गोष्ट जास्त प्रसिद्ध आहे. सुरुवातीला तो मनोविश्लेषणाच्या पद्धतीनं उपचार करायचा. रुग्ण बोलतात, त्यांना कारणं कळतात, पण त्रास तितकासा कमी होत नाही, हे त्याला खटकलं. १९५५ च्या सुमारास त्यानं स्वतःची पद्धत मांडली. घटनेपेक्षा घटनेबद्दलची आपली हटवादी समजूत जास्त त्रास देते, म्हणून ती समजूत पुराव्यावर घासून बघायची. आपल्याकडे याला विवेकनिष्ठ उपचारपद्धती म्हणतात. याचा एक प्रयोग त्यानं १९ व्या वर्षीच स्वतःवर केला होता. मुलींशी बोलायची भीती जावी म्हणून न्यूयॉर्कच्या बोटॅनिकल गार्डनमध्ये महिनाभरात शंभरेक अनोळखी स्त्रियांशी तो बोलला. एकीनं भेटायचं कबूल केलं, तीही आली नाही. भीती मात्र गेली.

मराठीत हे विचार रुजवण्यात मुंबईचे मानसशास्त्रज्ञ कि. मो. फडके यांचा मोठा वाटा. त्यांनी एलिसशी वर्षानुवर्षं पत्रव्यवहार केला. ईमेल नसतानाच्या काळात, टपालानं. नुसती स्तुतीची पत्रं नव्हेत, मुद्द्यांवर शंका आणि हरकतीही. पुढे न्यूयॉर्कच्या एलिसच्या संस्थेनं त्यांना फेलो आणि सुपरवायझर केलं. अंजली जोशी यांनी 'मी अल्बर्ट एलिस' ही कादंबरी लिहिली आणि फडक्यांवर 'गुरू विवेकी भला' हे पुस्तकही. कॉलेजच्या ग्रंथालयात विचारून बघा, नसतील तर मागणीच्या वहीत नोंद करा.